चहाचे तीन ठोके

१

जगाच्या घरात फरशी बसवणाऱ्या मिस्त्रीच्या स्वतःच्या घरात फरशी नव्हती. दिव्याखाली अंधार म्हणतात, तो हा असा. चोवीस वर्षं हा गडी लोकांच्या दिवाणखान्यांत, दवाखान्यांत, शाळांत गुडघे टेकून बसला, एकदा तर पोहण्याच्या तलावाच्या तळाशीही बसला. आणि संध्याकाळी घरी येऊन पाय कशावर ठेवायचा, तर उखडलेल्या कोब्यावर. मिस्त्रीणबाई केर काढताना रोज ऐकवायच्या, "लोकांकडे तोंड बघावं अशी फरशी, आणि आमच्या सुपडीत केर कमी, जमीनच जास्त." मिस्त्री म्हणायचा, "पुढच्या महिन्यात नक्की." हा पुढचा महिना चोवीस वर्षं काही उजाडला नाही.

उजाडला तो लेकीच्या फोनने. जावई सहा महिने कामासाठी लांब चालला होता, म्हणून लेक माहेरी राहायला येणार होती, आणि बरोबर दहा महिन्यांची नात. नातीला आजी-आजोबांनी अजून फोटोतच पाहिलं होतं. नाव चांगलं लांबलचक ठेवलेलं, पण लाडाने सगळे ठमाबाई म्हणत. आणि ठमाबाई नुकत्याच रांगायला लागल्या होत्या.

फोन ठेवून मिस्त्रीणबाईंनी कमरेवर हात ठेवले. "पुढच्या रविवारी येतायत. या कोब्यावर माझ्या नातीचे गुडघे सोलले ना, तर तुम्ही आणि तुमची थापी, दोघंही बाहेर ओट्यावर झोपा सहा महिने."

मिस्त्री हसला, पण आतून त्याला फार लागलं. दहा महिन्यांचे गुडघे केवढे असतील याचा त्याने अंगठा आणि बोट जुळवून अंदाज घेतला आणि त्याला स्वतःचीच लाज वाटली. दुसऱ्या दिवशी पहाटे उठून त्याने कोबा फोडायला घेतला.

जोडीला मेव्हणा होताच. बायकोचा धाकटा भाऊ, चोवीस वर्षांचा जोडीदार. हल्ली त्याचे गुडघे कामातून गेले होते, त्यामुळे तो बाहेरच्या खोलीत स्टुलावर बसून फरश्या मापात कापायचा आणि उंटावरून शेळ्या हाकायचा. "दाजी, उतार बघा. दाजी, सांधा बघा." दाजींना यातलं काहीच कळत नसावं, अशा सुरात.

या दोघांची एक ठोक्यांची भाषा होती. फरशी कापताना धुरळा उडतो, तोंडाला फडकं बांधलेलं असतं, मशीन किंचाळत असतं, अशात बोलणार कसं? म्हणून थापीच्या लाकडी मुठीने जमिनीवर ठोकायचं. दोन सावकाश ठोके म्हणजे "माझी ओळ समतल आहे, तुझी?" उत्तराला एक ठोका म्हणजे "समतल." मूठ फरशीवरून खर्रकन ओढली की "चूक आहे, पुन्हा बघ." आणि तीन झटपट ठोके म्हणजे "चहा आलाय."

या शेवटच्या हाकेचा एक कायदा होता. हाक आली की हत्यारं खाली ठेवायची आणि यायचं. भांडण असलं तरी यायचं. आणि हाक दिलेल्याने जागा करून द्यायची. एकदा या दोघांनी महिनाभर अबोला धरला होता, पण एकाही दिवशी चहा चुकला नव्हता. एकमेकांकडे पाठ करून प्यायले, पण प्यायले.

२

बाकीच्या खोल्या उरकल्यावर मंगळवारी मिस्त्रीने आतल्या खोलीत पहिल्या दोन ओळी बसवल्या. सिमेंट-वाळूचा माल पसरायचा, फरशी ठेवायची, रबरी हातोडीने चारी कोपरे बसवायचे, मग मुठीने टकटक करून आवाज ऐकायचा. भरीव वाजली तर ठीक. बद्द वाजली तर खाली पोकळी आहे, काढायची आणि पुन्हा बसवायची. न ठोकलेली फरशी मिस्त्रीने आयुष्यात सोडली नव्हती.

ओळ संपली. त्याने सवयीने दोन ठोके दिले. एक ठोका परत आला. मिस्त्री पुढे सरकला. तिसरी ओळ, दोन ठोके, एक उत्तर. चौथ्या ओळीला उत्तर आलं ते खर्रकन. मिस्त्री वैतागला. मेव्हणा बसलाय बाहेरच्या खोलीत आणि माझ्या ओळीत चुका काढतोय! तरी त्याने लेव्हल लावून बघितली, आणि बुडबुडा जरासा डावीकडे. एका केसाएवढा. मिस्त्रीने निमूटपणे फरशी उचलली आणि नीट बसवली.

अशा सात ओळी झाल्या. दुपारी तो कंबर धरत बाहेर आला, तर बाहेरच्या खोलीत कुणी नाही. मशीनवर फडकं झाकलेलं. एवढ्यात मेव्हणा फाटकातून लंगडत आत आला.

"कुठे उलथला होतास?"

"डॉक्टरकडे. सकाळी सांगून नाही का गेलो? गुडघ्यात सुई टोचायची होती. तीन तास रांगेत बसलो, दाजी. का, काय झालं?"

"मग चौथी ओळ चुकली म्हणून कोण सांगत होतं?"

"चुकली होती का?" मेव्हण्याचा चेहरा उजळला. "बघा. मी नसलो की असं होतं."

मिस्त्री तसाच आत गेला आणि हिशेबी माणसासारखा विचार करायला बसला. नळाचा पाइप असेल. पण पाइप मागच्या भिंतीतून जातो. शेजारी काही ठोकत असतील. पण शेजारचं घर कुलूप लावून गावाला गेलंय. घुमणारा आवाज असेल. पण घुमणारा आवाज दोनला दोनच येईल, एक कसा येईल? आणि घराखाली तळघर नाही, भुयार नाही. पाया त्याने स्वतः खणला होता. खाली माती, मुरूम आणि पुढे काळा दगड. बस्स.

"वय झालं," तो स्वतःशीच म्हणाला आणि जमिनीवर तळवा टेकून दोन ठोके दिले.

उत्तर आलं. थेट तळव्याच्या मधोमध, खालून.

३

आता खरं सांगायचं तर मिस्त्रीने तेव्हाच थापी टाकून पळायला हवं होतं. तुम्ही-आम्ही पळालोच असतो. पण तो कारागीर माणूस, आणि कारागिराला भीतीपेक्षा राग आधी येतो. जो कोण खाली आहे त्याने केसाएवढी चूक पकडली, याचाच ठसका त्याला जास्त लागला होता.

बुधवारी त्याने जिवाचा आटापिटा करून ओळी बसवल्या. प्रत्येक ओळीला विचारलं. प्रत्येक ओळीला "समतल" असं उत्तर. दुपारनंतर तर खालूनच दोन ठोके आले. म्हणजे तिकडून विचारणा. मिस्त्रीने कान फरशीला लावला. लांबवर कुणीतरी माल खरवडून एकजीव करत होतं. तोच आवाज, घमेल्यात थापी फिरण्याचा. मग फरशी ठेवल्याचा. मग हातोडीचा, मऊ, नेमका. मिस्त्रीने एक ठोका दिला. समतल.

त्याला गंमत वाटायला लागली. "मेव्हण्यापेक्षा बरा आहे," तो पुटपुटला. "बोलत तरी नाही."

गुरुवारी खोली संपत आली. खिडकीखालची एकच फरशी राहिली होती. त्या चौकोनात ओल्या वाळूचा थर, बाजूला घमेल्यात तयार माल. मिस्त्री कपाळाचा घाम पुसत होता, तेवढ्यात स्वयंपाकघरातून मिस्त्रीणबाईंचा आवाज आला, "अहो, चहा!"

आणि चोवीस वर्षांच्या सवयीने मिस्त्रीच्या हाताने थापी उलटी धरली आणि जमिनीवर तीन झटपट ठोके दिले.

हात वर उचलल्यावर त्याच्या लक्षात आलं. बाहेरच्या खोलीत कुणी नव्हतं. मेव्हणा चहाच्या वासाने केव्हाच स्वयंपाकघरात जाऊन बसला होता.

खाली एकदम शांत झालं. घमेल्यातलं खरवडणं थांबलं. मग थापी खाली ठेवल्याचा आवाज. मग हातोडी. मग लेव्हलची पट्टी, हळूच, भिंतीला टेकवून ठेवतात तशी. कुणीतरी हात झटकले. कुणीतरी उठलं, आणि उठताना त्याचे गुडघे कडकडले.

मग पावलं. फरशीच्या पाठीला टेकणारी, अनवाणी, दमलेली पावलं. दाराकडून कपाटाकडे, कपाटाकडून खिडकीकडे. ओली फरशी टाळून येत होती ती. कुठून चालायचं हे कारागिराला सांगावं लागत नाही. चौकोनातली वाळू मध्यभागी थोडी खचली.

मिस्त्रीची पाचावर धारण बसली. त्याने पसाभर माल फेकल्यासारखा चौकोनात टाकला, शेवटची फरशी उचलली आणि धाडकन बसवली. कोपरे दाबले नाहीत. ठोकून बघितली नाही. सांध्यात पांढरं सिमेंट बोटाने कोंबलं आणि मागे सरकत सरकत दारापर्यंत आला.

पावलं फरशीखाली येऊन थांबली.  मग दोन ठोके आले, सावकाश. मग आणखी दोन.

मिस्त्रीने उत्तर दिलं नाही. स्वयंपाकघरात त्याने कप तोंडाला लावला आणि न पिताच खाली ठेवला. भीती होतीच. पण त्याहून वाईट वाटत होतं ते दुसरंच. आपण चहाला बोलावलं, माणूस हातातलं काम टाकून आला, आणि आपण त्याच्या तोंडावर दार लावलं.

४

रविवारी ठमाबाई आल्या आणि घरात आनंदीआनंद झाला. दोन दात, टोपीखालून बाहेर आलेल्या चार बटा, आणि रुबाब असा की घर यांच्याच नावावर. लेकीने तिला फरशीवर सोडलं. तिने फरशीवर हात आपटून बघितला, फरशी गार लागली, म्हणून हसली, आणि सुटली ती थेट स्वयंपाकघरात.

"बाबा, काय फरशी आहे!" लेक म्हणाली. "नुसतं लोळावंसं वाटतं."

मिस्त्रीणबाई त्या फरशीवर अनवाणी या टोकापासून त्या टोकापर्यंत दोनदा चालल्या, मग पदराने डोळे पुसले आणि मिस्त्रीला म्हणाल्या, "उशीर केलात, पण छान केलंत." चोवीस वर्षांच्या संसारात एवढं कौतुक मिस्त्रीच्या वाट्याला कधी आलं नव्हतं. त्याचा ऊर भरून आला. खिडकीखाली त्याने स्वतः ओढून ठेवलेली लोखंडी ट्रंक दिसेपर्यंत भरलेला होता.

सोमवारी मिस्त्रीणबाईंनी ट्रंक हलवली. "एवढी सुंदर खोली, आणि मधेच हे धूड कशाला?"

त्या दिवसापासून ठमाबाईंची बैठक खिडकीखाली. सगळं घर मोकळं असताना ती रांगत तिथेच यायची, त्याच फरशीवर फतकल मारायची आणि तळव्याने फट्फट करायची. मग कान देऊन ऐकायची आणि खिदळायची. लेक म्हणायची, "ऊन येतं ना तिथे, म्हणून." मिस्त्री म्हणायचा, "हो, ऊन." आणि तिला उचलून दुसऱ्या खोलीत न्यायचा. वळून बघेपर्यंत ठमाबाई परत खिडकीखाली.

रोज रात्री अंथरुणावर पडलं की तो लेकीला सगळं सांगायचं ठरवायचा आणि रोज सकाळी गप्प बसायचा. सांगितलं तर लेक त्याच पावली पोरीला घेऊन निघून जाईल. मिस्त्रीणबाईंनी नुकतंच नातीच्या अंगाचं माप घेऊन लोकर आणली होती. न सांगावं, तर खिडकीखाली पोर.

५

गुरुवारी मेव्हणा आला. हातात नवी काठी होती, डॉक्टरने दिलेली. काठी मिळाल्यावर तो प्रत्येक फरशी ठोकून बघणार हे ठरलेलंच होतं. टक, टक, टक, करत तो खोलीभर फिरला आणि खिडकीखाली आला.

बद्द.

मेव्हण्याने भुवया उंचावल्या. पुन्हा ठोकलं. बद्द. त्याच्या चेहऱ्यावर असा आनंद पसरला की काय सांगावं. "दाजी! पोकळ! तुमच्या घरात, तुमच्या हातची, पोकळ!"

"हळू बोल," मिस्त्री म्हणाला, आणि दार लोटून त्याने मेव्हण्याला पहिल्यापासून सगळं सांगितलं. चौथी ओळ, केसाएवढी चूक, तीन ठोके, पावलं, आणि धाडकन बसवलेली फरशी.

मेव्हणा हसेल असं मिस्त्रीला वाटलं होतं. तो हसावा अशी त्याची फार इच्छा होती. पण मेव्हणा हळूहळू स्टुलावर टेकला. त्याचा चेहरा उतरला होता.

"चहाची हाक दिलीत?"

"सवयीने गेली रे."

"आणि तो आला?"

"आला."

"आणि तुम्ही दार लावलंत?" मेव्हण्याने कपाळावर हात मारला. "अहो दाजी, तो भूत असो, भुजंग असो, नाहीतर पाताळातला राजा असो. हाक दिली म्हणजे दिली. आपण महिनाभर बोलत नव्हतो तेव्हासुद्धा तुम्ही माझ्या कपावर बशी झाकून ठेवायचात. गार होऊ नये म्हणून. विसरलात?"

"खाली काय आहे हे तुला माहीत आहे का?"

"नाही ना. पण समतल म्हणजे काय ते त्याला कळतं. मग तो आपल्यातलाच." एवढं बोलून त्याने पाय हळूच उचलून स्टुलाच्या दांडीवर ठेवले. धीर होता, पण बेताचाच.

६

त्याच दुपारची गोष्ट. लेक आंघोळीला गेली होती. स्वयंपाकघरात चहाचं आधण ठेवलं होतं आणि मेव्हणा बहिणीला आधणात आलं किती किसावं ते शिकवत होता. मिस्त्री आतल्या खोलीच्या दारात आला आणि थबकला.

खिडकीखाली ठमाबाई पोटावर पालथी पडली होती. गाल फरशीला टेकलेला. ती हसत होती, दोन दातांचं, लाळ गळणारं हसू. आणि तिचं हसू थांबलं तरी हसण्याचा आवाज चालूच होता.

तसाच आवाज. तेवढाच लहान. फरशीच्या पाठीमागून.

ठमाने तळवा डावीकडे आपटला. खालून फट् झालं, डावीकडे. तिने उजवीकडे आपटला. खालून फट्, उजवीकडे. मग ठमाबाई उठून बसल्या, आजोबांकडे बघितलं, आणि हाताची मूठ करून फरशीवर झटपट आपटली. एकदा, दोनदा, तीनदा.

 कुठे शिकली ही? मिस्त्रीने तर त्या दिवसापासून थापी हातात घेतली नव्हती. खालून शिकली. दुसरं कोण शिकवणार?

हत्यारं खाली ठेवल्याचा आवाज आलाच. या वेळी भरभर. मग पावलं, धावत येणारी. मिस्त्रीही धावला. त्याने ठमाला बखोटीला धरून बाजूला ठेवलं आणि दोन्ही पाय त्या फरशीवर घट्ट रोवून उभा राहिला. सांध्यातल्या पांढऱ्या सिमेंटला कर्र आवाज करत बारीक चीर गेली. फरशी हलली.

"नाही," तो दातओठ खाऊन म्हणाला. "पोरीला नाही. मला काय करायचं ते करा."

फरशी वर आली नाही. तो वाट बघत होता की आता खालून रेटा येईल, आता येईल. रेटा आला नाही. आलं ते वजन. त्याच्या तळव्यांखाली, फरशीच्या पलीकडे, दोन तळवे येऊन टेकले होते. टाचेला टाच, अंगठ्याला अंगठा. ऊब फरशीतून वर येत होती. आणि ते पाय थरथरत होते.

मिस्त्री गोंधळला. घाबरला की त्याचा डाव्या पायाचा अंगठा आपोआप खाली दाबला जायचा. पलीकडेही एक अंगठा तसाच दाबला जात होता. आत यायचं असेल तर कुणी दारावर असं उभं राहत नाही. असं उभं राहतात ते दार बंद ठेवायला.

खालून कुजबुज ऐकू आली. शब्द कळत नव्हते. पण तो सूर मिस्त्रीला कळला, कारण आत्ताच त्याच सुरात तो स्वतः बोलला होता.

आणि एकदम त्याच्या डोक्यात प्रकाश पडला. तिकडेही नवी फरशी. तिकडेही कुणीतरी लहान आलेलं, रांगणारं, सारखं एकाच जागी बसणारं. तिकडेही ते लहान काहीतरी शिकलंय आणि तिकडचा म्हातारा धावत येऊन फरशीवर उभा राहिलाय. त्याच्या लेखी तो जमिनीवर आहे. जमिनीखाली राहणारं, ठोके देणारं, चहाला बोलावून तोंडावर दार लावणारं जे कोण आहे, ते म्हणजे मिस्त्री.

"अरे देवा," मिस्त्री म्हणाला. "मलाच घाबरतोय."

त्याने टाच उचलली आणि दोन ठोके दिले. सावकाश. माझी ओळ समतल आहे, तुझी?

 ठमाबाई तोंडात मूठ घालून बघत होत्या. मग एक ठोका आला, अगदी हलका.

७

मिस्त्रीणबाई तीन कप घेऊन दारात आल्या, तर मिस्त्री खिडकीखाली दाराकडे पाठ करून बसलेला. "हे काय, चांगली फरशी उकरताय?"

"पोकळ राहिली होती," मिस्त्री म्हणाला. "माझा कप इथे ठेव आणि जा."

त्या कप ठेवून, मान हलवत गेल्या. मेव्हणा मात्र भिंत धरून आत आला. त्याला यायचं नव्हतं, पण जोडीदार होता. मिस्त्रीने सांध्यात थापीचं टोक घातलं. न ठोकता बसवलेली फरशी, सहज सुटली. त्याने ती पुस्तकाचं पान उघडावं तशी एका कडेवर उघडली.

मालाचा थर नव्हता. वाळूही नव्हती. एक गार, दूरवर उजेड असलेली पोकळी होती. पण मिस्त्रीने तिकडे फारसं बघितलं नाही. त्याच्या डोळ्यांसमोर एक कप होता. उलटा. तोंड खाली, बूड वर. काठोकाठ चहाने भरलेला. थेंबही पडत नव्हता. आणि चहाची वाफ खाली, त्या उजेडाकडे चालली होती.

कपाभोवती बोटं होती. लांब, राखाडी, मालाने फुटलेली. तर्जनीच्या बुडाशी घट्टा होता, थापीची मूठ बरोबर जिथे टेकते तिथे. मिस्त्रीच्या हातावर अगदी तिथेच होता. त्या हातामागून एक इवलासा हात आला, त्याने मूठ उघडली आणि मिटली.

मागे मेव्हणा धपकन खाली बसला. उभ्या आयुष्यात पहिल्यांदाच त्याला काही सल्ला सुचला नाही.

मिस्त्रीने आपला कप उचलून त्या बोटांत दिला आणि तिकडचा घेतला. तो हातात धरताच हात वर ओढला जाऊ लागला. आता हा प्यायचा कसा? डोक्यावर धरून, मान मागे टाकून, खालून तोंड लावून त्याने तो फुर्रकन ओढून घेतला. चहा कडक होता. साखर जरा जास्त. पोटात गेल्यावर तो नेहमीसारखा खाली बसला नाही, एवढंच. त्याने कप जमिनीपाशी आणला तेव्हा ठमाबाईंनी झडप घालून काठाला दोन बोटं लावली आणि चोखली.

"अगं, नको..." मिस्त्री म्हणाला. तोवर चोखून झालंही होतं.

फरशी त्याने नीट बसवली. दोघांनी मिळून बसवली म्हणा. वरून हातोडी, खालून हातोडी. चारी कोपरे. टक. भरीव, गच्च, देखणा आवाज. मिस्त्रीचा जीव भांड्यात पडला. त्यानंतर खालून ठोके आले नाहीत, आणि ठमाबाईंनीही खिडकीखालची बैठक सोडली. घरात सगळं कसं छान चाललं. मेव्हणा रोज यायचा आणि न बोलता चहा प्यायचा. बहिणीला वाटलं, सुयांचा गुण आला.

तो कप मात्र फडताळात नीट राहत नव्हता. मिस्त्रीणबाई तो धुऊन खालच्या फळीवर ठेवायच्या आणि सकाळी तो वरच्या फळीला खालून चिकटलेला असायचा. "काहीतरी चिकट लागलंय याला," त्या म्हणायच्या आणि पुन्हा घासायच्या.

आठवड्याने लेक सकाळी ठमाला कडेवर घेऊन आली. "आई, ही हलकी झाली का गं?"

"दात येताना पोरं हलकी होतात," मिस्त्रीणबाई लोकरीचे टाके न सोडता म्हणाल्या. "तूही झाली होतीस."

मिस्त्री ऐकत होता. दोन दिवसांपासून त्याच्याही चपला पायात ढिल्या वाटत होत्या, आणि जिना चढताना गुडघे अजिबात दुखत नव्हते. ठमाबाई आईच्या कडेवरून हात वर करून छताकडे बघत खिदळत होती. दोन्ही तळवे उघडे, फट्फट करायला तयार.

मिस्त्रीने शिडी आणली, वर चढला आणि छतावरून हात फिरवला. मग खिशातून थापी काढून मुठीने दोनदा ठोकून बघितलं.

"आता हे काय नवीन?" मिस्त्रीणबाईंनी विचारलं.

"इथेही फरशी बसवून घेतो म्हणतो. पुढच्या महिन्यात नाही. याच आठवड्यात."

"छताला?" त्यांनी सुया खाली ठेवल्या. "अहो, छताला कुणी फरशी बसवतं का?"

मिस्त्रीने एकदा नातीकडे बघितलं. मग अंगठा आणि बोट जुळवून तेवढंसं माप धरलं आणि ते खरबरीत छताला लावून बघितलं.

"हा गिलावा फार वाईट आहे गं," तो म्हणाला. "पोरीचे गुडघे सोलतील."